मीठ शिरोड्याचे, फीत दांडीची

आमच्याकडे नरकचतुर्दशीच्या पहाटे अंघोळ झाली की तुळशीपाशी ‘गोविंदा, गोविंदा’ करीत पायाच्या अंगठ्याने कारीट फोडतात आणि त्याचे कडूजहर बी जिभेला लावतात. मगच पोह्यांची ताटे पुढे येतात. संपादकांनी नेहमीप्रमाणे माझ्याकडे कथा मागितली होती. यंदा मी त्यांना कथेऐवजी कारीट धाडतो आहे. वाचकांनी ते एकदा फोडावे, तोंड वाकडे करावे आणि खुशाल पुढच्या पानावरच्या गोडाकडे वळावे.

मी कणकवलीचा. जुन्या भाषेत सांगायचे तर मॅट्रिक. पुढे चित्रकलेच्या परीक्षा दिल्या आणि शाळेत चित्रकला शिकवू लागलो. रात्री कादंबऱ्या लिहितो. तेव्हा ज्या विषयावर आज बोलणार आहे त्यातला मी तज्ज्ञ नव्हे. पण आयुष्यभर पोरांना ‘समोर जे दिसते ते काढ, मनातले काढू नको’ असे सांगून माझे डोळे थोडे खोडकर झाले आहेत, आणि त्या खोडीतूनच हे सारे प्रकरण उद्भवले.

गोष्ट २०२३ च्या पावसाळ्यातली. स्वातंत्र्याच्या अमृतमहोत्सवाची धामधूम ओसरत आली होती. मुंबईच्या एका दिग्दर्शकांनी कोकणातल्या स्वातंत्र्यलढ्यावर एक अनुबोधपट केला होता. (आजकाल त्याला डॉक्युमेंटरी म्हणतात, मला आपला जुना शब्द बरा वाटतो.) त्याचा एक खेळ आमच्या गावात ठेवला होता. बाहेर पाऊस धो धो कोसळत होता, तरी सभागृह भरले होते. कारण चित्रपटात शिरोड्याचा मिठाचा सत्याग्रह आहे असे जाहीर झाले होते, आणि या जिल्ह्यात शिरोड्याचे नाव निघाले की माणसे छत्र्या घेऊन निघतात.

नव्या पिढीच्या वाचकांसाठी दोन शब्द. गांधीजींनी १९३० च्या ६ एप्रिलला दांडीला मीठ उचलले. त्यानंतर महिन्याभराने, मे महिन्यात, वेंगुर्ल्याजवळच्या शिरोड्याच्या मिठागरांवर महाराष्ट्रभरातून सत्याग्रही जमले. तेव्हा हा मुलूख रत्नागिरी जिल्ह्यात होता. सिंधुदुर्ग जिल्हा झाला १९८१ साली. ज्यांनी पुढे आमच्या कणकवलीजवळ वागद्याला गोपुरी आश्रम उभारला, ते आप्पासाहेब पटवर्धन त्या सत्याग्रहात होते. आणि त्याच शिरोड्याच्या शाळेत तेव्हा भाऊसाहेब खांडेकर मुख्याध्यापक होते. माझ्यासारख्या मास्तरकी करून कादंबऱ्या लिहिणाऱ्याला ते गाव म्हणजे पंढरपूरच.

तर दिवे मालवले. माझ्या शेजारी आमच्या आळीतल्या आजी बसल्या होत्या. वय ऐंशीच्या पुढे. त्यांचे वडील शिरोड्याला गेले होते. लाठी खाल्ली, तुरुंगात गेले, परत आले आणि आजींच्या लहानपणीच वारले. घरात त्यांचा एकही फोटो नाही. त्या काळी आमच्याकडे फोटो काढायला कोण बसला होता! आजी वडिलांचा चेहरा विसरल्या होत्या. ‘शिरोड्याचा पिक्चर’ येतो आहे एवढे कानावर पडल्यावर त्या नातवाला घेऊन भर पावसात आल्या त्या एकाच आशेने. जाता जाता मला म्हणाल्या, “गर्दीत खंय तरी दिसात म्हणान इलंय, मास्तरानू.”

आणि पडद्यावर शिरोडे आले. निवेदकाचा आवाज घनगंभीर. सनई, मग ‘वंदे मातरम्’च्या आरोळ्या, लाटांचा आवाज. काळ्यापांढऱ्या चित्रात माणसांचा लोंढा चाललेला. हातात काठी घेतलेले गांधीजी झपाझप पुढे. खाली अक्षरे उमटली : शिरोडे, मे १९३०.

आजींनी माझा हात धरला. “गांधीबाबा शिरोड्याक इले हुते? बापाशीन कधी सांगल्यान नाय तां.”

आले नव्हते. येणे शक्यही नव्हते. ४-५ मेच्या मध्यरात्रीच त्यांना गुजरातेत कराडीला अटक झाली होती आणि मे महिना ते येरवड्याच्या तुरुंगात काढीत होते. पडद्यावर दिसत होती ती दांडीयात्रा. विठ्ठलभाई झवेरींच्या ‘महात्मा’ या १९६८ च्या चित्रपटात, तेहतीस रिळांच्या त्या साडेपाच तासांच्या डोंगरात, हेच तुकडे मी पूर्वी पाहिले होते. त्यांतले एक वळण, एक झाड, धोतराचा सोगा सावरणारा एक माणूस माझ्या चांगला लक्षात होता. तो माणूस गुजरातेतल्या धुळीतून चालला होता, आणि आमचा निवेदक त्याला शिरोड्याच्या मिठागरावर उतरवून मोकळा झाला होता.

मी हे आजींना सांगायला तोंड उघडणार, तोच त्या उठून उभ्या राहिल्या. पडद्याच्या उजव्या बाजूला टोपी घातलेला एक उंचेला तरुण क्षणभर कॅमेऱ्याकडे वळून पाहून गेला होता. “तोच! तोच माझो बापूस!” आजी ओरडल्या. सगळे सभागृह वळून बघू लागले. कुणीतरी टाळ्या वाजवल्या. खेळ संपल्यावर दिग्दर्शकांनी व्यासपीठावरून आजींना नमस्कार केला आणि ‘आमच्या श्रमांचे सार्थक झाले’ असे सांगितले. नातवाने त्यांच्याकडून ते एक चित्र मागून घेतले, मोठे करून, चौकटीत बसवून देवघराशेजारी लावले. त्याला आजही हार असतो.

मी त्या रात्री गप्प बसलो. ही माझी चूक.

दुसऱ्या दिवशी मात्र दिग्दर्शकांना बाजूला घेतले. मनुष्य सज्जन होता, चहाही त्यानेच पाजला. त्याने काहीही नाकारले नाही. म्हणाला, “गुरुजी, शिरोड्याची फीतच उपलब्ध नाही. मग तिथे दाखवायचे काय? काळा पडदा? ही प्रातिनिधिक दृश्ये आहेत. सत्याग्रह तोच, टोप्या त्याच, मीठही तेच. प्रेक्षकाला भावना पोचली की झाले.” आणि मग मला निरुत्तर करायला त्याने हुकमाचे पान टाकले : “तुम्ही तर कादंबरीकार. तुम्ही वेगळे काय करता?”

महिनाभर मी या प्रश्नाचा विचार केला. आज उत्तर देतो. मी माझ्या पुस्तकाच्या पहिल्या पानावर ‘कादंबरी’ असे छापतो. आतला सावकार, त्याची सून, त्यांच्या घरामागची विहीर, सगळे माझ्या डोक्यातले आहे, हे वाचकाला पैसे मोजण्यापूर्वी ठाऊक असते. अनुबोधपटवाल्याचा सौदा याच्या नेमका उलट आहे. तो प्रेक्षकाला म्हणतो, ‘हे घडले, आणि घडले तेव्हा इथे कॅमेरा होता.’ जुनी फीत पडद्यावर आली की माणूस अंगावरचे शंकेचे पांघरूण आपोआप काढून ठेवतो. न्यायालयात साक्षीदार उभा राहिला म्हणजे जे होते तेच इथे होते. आता रत्नागिरीच्या खुनाला सुरतेचा साक्षीदार आणून ‘साक्ष प्रातिनिधिक आहे’ असे सांगणाऱ्या वकिलाचे काय करतात?

हा दोष एकट्या त्या बिचाऱ्या दिग्दर्शकाचा असता तर मी दिवाळीच्या दिवसांत कुणाचे तोंड कडू केले नसते. पण एकदा डोळ्याला खोड लागली की जिकडेतिकडे तेच दिसू लागते. दूरदर्शनसंचावर एका कार्यक्रमात मी गांधीजींची अंत्ययात्रा पाहिली. ती होती अॅटनबरोच्या ‘गांधी’ चित्रपटातली! दिल्लीत १९८१ साली तीन लाखांवर माणसे गोळा करून चित्रित केलेला तो प्रसंग. रंग काढून, वर चार ओरखडे मारून तो १९४८ चा म्हणून वाढला होता. यात आपण एकटे नाही, जगात ही परंपरा जुनी आहे. रशियन क्रांतीत हिवाळी राजवाड्यावर तुटून पडणारी गर्दी आपण ज्या चित्रांतून ओळखतो, ती आयझेन्स्टाइनने क्रांतीच्या दशवर्षपूर्तीनिमित्त केलेल्या ‘ऑक्टोबर’ या चित्रपटातली आहेत. नट उभे करून घेतलेली. पण पुढे कितीतरी ठिकाणी ती प्रत्यक्ष घटनेची चित्रे म्हणून फिरली.

आणि आपल्या मराठी माणसाची गोष्ट घ्या. दादासाहेब फाळक्यांवर काहीही दाखवायचे असले की एक तुकडा हमखास येतो : धोतरातले दादासाहेब नटांना सूचना देताहेत, फीत उलगडून बघताहेत. निवेदक सांगत असतो, ‘१९१३ साली राजा हरिश्चंद्र...’ पण तो तुकडा आहे ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या सुमाराच्या लघुपटातला, लोकांना समजावून सांगण्यासाठी दादासाहेबांनी मुद्दाम उभे राहून करून दाखवलेला. खुद्द ‘राजा हरिश्चंद्रा’च्या ज्या रिळा आज उरल्या आहेत त्यासुद्धा मूळ चित्रपटाच्या नसून १९१७ साली त्यांनी पुन्हा केलेल्या आवृत्तीच्या असाव्यात, असे कित्येक अभ्यासकांचे मत आहे. हे सांगितल्याने दादासाहेब लहान होतात का? उलट, आपले जुने काम जिवंत राहावे म्हणून तेच काम पुन्हा करणारा तो हट्टी माणूस मला अधिक जवळचा वाटतो. मग ही एक ओळ पडद्यावर लिहायला हात का आखडतो?

कबूल करून टाकतो, मीही धुतल्या तांदळासारखा नाही. वाकून मीठ उचलणाऱ्या गांधीजींचे ते जगप्रसिद्ध छायाचित्र मी पंधरा वर्षे दर २ ऑक्टोबरला फळ्यावर रंगीत खडूंनी काढले आणि खाली ऐटीत लिहिले, ‘दांडी, ६ एप्रिल १९३०’. पुढे कळले, की ते छायाचित्र दांडीचे नसून ९ एप्रिलचे, भीमराडचे आहे असे त्या यात्रेचा बारकाईने अभ्यास केलेल्यांनी म्हटले आहे. त्या पंधरा वर्षांतल्या मुलांना मी आता कुठे शोधू? पण पुढच्या २ ऑक्टोबरला फळ्यावर ‘भीमराड’ लिहिले. मुख्याध्यापकांना वाटले मी चुकलो. त्यांना समजावता समजावता प्रार्थनेची घंटा झाली.

आता त्या दिग्दर्शकाच्या दुसऱ्या मुद्द्याकडे येतो. शिरोड्याची फीत नाही, मग करायचे काय? खरे म्हणजे आधी असे विचारायला हवे की दांडीची फीत आहे आणि शिरोड्याची का नाही. दांडीला देशोदेशीचे वार्ताहर होते, मुंबईच्या चित्रपट कंपन्यांची माणसे होती. सरकारला त्या चित्रांची इतकी धास्ती वाटली की १९३० साली त्या यात्रेच्या कितीतरी फितींवर बंदी घातली गेली. शिरोडे पडले कोपऱ्यात, एका अंगाला समुद्र, दुसऱ्या अंगाला पोर्तुगिजांची हद्द. हजार फुटांची रीळ ध्वनिपटाच्या वेगाने अकरा मिनिटांत संपते. कॅमेरे अवजड, फीत महाग. इथवर ते ओझे कोण आणणार? म्हणजे शिरोड्याची फीत नसणे ही सुद्धा इतिहासातली एक घटना आहे. कॅमेरा कोणाकडे होता आणि तो कोणाकडे वळला नाही, हे त्या रिकाम्या जागेवरून कळते. तिथे गुजरातेतला लोंढा कोंबला की ती जागाच बुजते. पाहणाऱ्याला वाटते, सगळ्यांचीच चित्रे निघाली होती. गोपुरीत आप्पासाहेबांनी भंगीमुक्तीसाठी संडासांचे आणि खताचे जे प्रयोग केले त्यांच्यापुढे कुणी कॅमेरा लावलेला माझ्या पाहण्यात नाही. उद्या कुणीतरी तिथेही साबरमतीचा एखादा तुकडा चिकटवील आणि आप्पासाहेब चरखा चालवताना दिसू लागतील.

सरकारांचेही तेच. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने ‘इंडियन न्यूज परेड’ नावाचा वार्तापट काढला. लढाई संपली, आणि १९४६ साली तो गुंडाळला. त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ ला, ज्या रात्रीसाठी एवढी माणसे मेली त्या रात्री, सरकारजवळ स्वतःचे चित्रपथक नव्हते! खासगी माणसांनी आणि परदेशी वार्तापटवाल्यांनी कॅमेरे लावले म्हणून आज ती रात्र दिसते. फिल्म्स डिव्हिजन निघाली त्यानंतर, १९४८ साली.

आणि जे चित्रित झाले ते तरी आपण सांभाळले का? सावेदादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर या मराठी माणसाने १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तो सोहळा चित्रित केला. हा हिंदुस्थानातला पहिला वार्तापट म्हणतात. परांजपे दापोलीकडच्या मुर्डीचे. म्हणजे पहिल्या वार्तापटाचा नायक कोकणातला! ती फीत आज बघायला मिळत नाही. ‘आलम आरा’ हा आपला पहिला बोलपट, १९३१ चा, तोही नाही. तेराशेंवर मूकपट निघाले, त्यांतले पुरे-अर्धे मिळून तीसच्या आतबाहेर उरले. जुन्या फितीत चांदी असते. कितीतरी चित्रपट त्या चांदीसाठी विकले आणि वितळवले गेले. शिवाय ती जुनी नायट्रेटची फीत इतकी ज्वालाग्राही, की एकदा पेटली की पाण्यातही विझत नाही. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले, पी. के. नायरांसारख्या माणसाने तिथे जन्म घालवला, आणि तरी २००३ च्या जानेवारीत प्रभातच्या जुन्या कोठारात आग लागून कितीतरी रिळांची राख झाली. श्रीमंत देशांनी तरी काय दिवे लावले? चंद्रावर पहिले पाऊल पडले त्याच्या मूळ चुंबकीय फिती अमेरिकेच्या अवकाशसंस्थेने पुसून पुन्हा वापरल्या, असे तिनेच २००९ साली कबूल केले.

एवढ्या होळीतून जे वाचले आहे ते तरी जपून हाताळावे की नाही? पण आमचे अनुबोधपटवाले त्याचा वापर करतात तो वडाच्या पानासारखा. द्रोण करायला, कुठूनही तोडा. चित्रकलामास्तर म्हणून आणखी दोन गोष्टी मला खुपतात. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवीत, सेकंदाला सोळा-अठरा चित्रे निघत. आज ती चोवीस-पंचवीसच्या वेगाने पळवतात. मग आमचे आजोबा-पणजोबा पडद्यावर तुरुतुरु पळताना दिसतात आणि पोरे खिदळतात. देशासाठी तुरुंगात निघालेला माणूस विनोदी दिसतो तो यांच्या आळसामुळे. दुसरे, जुने चित्र चौकोनी आणि आजचा पडदा लांबट. तो भरायचा म्हणून एकतर माणसे ताणून जाडी करतात, नाहीतर वरखाली कातरतात. सत्याग्रहींची पावले कापलेली मी पाहिली आहेत. पदयात्रेतली पावले! आणि आता तर यंत्राला हुकूम सोडला की ते जुनी दिसणारी हवी ती फीत जागच्या जागी बनवून देते, ओरखड्यांसकट. म्हणजे उद्या आजींचे वडीलसुद्धा बनवून मिळतील.

कुणी म्हणेल, मास्तर, तुम्ही फारच काटेकोर. एका टोपीवरून एवढा गदारोळ? तर ऐका. फ्रान्समध्ये आलँ रेने याने १९५५ साली नाझी छळछावण्यांवर एक लघुपट केला. त्यातल्या एका जुन्या चित्रात पहारा देणाऱ्या एका फ्रेंच शिपायाची टोपी दिसत होती. सरकारी परीक्षकांनी हट्ट धरला, की ती टोपी झाका. कारण एवढ्याशा टोपीवरून कळत होते, की त्या पापात फ्रेंचांचाही हात होता. शेवटी तिच्यावर एक काळी पट्टी आली. टोपी कुणाची, कुठली, हा प्रश्न किरकोळ असता तर एका सरकारने तिच्यासाठी जीव टाकला नसता.

जुन्या फिती वापरूच नका, असे मी म्हणत नाही. ए. के. चेट्टियार या तमिळ गृहस्थाने १९३७ पासून लाखभर मैल हिंडून, देशोदेशीच्या कॅमेरावाल्यांच्या दारात उभे राहून, गांधीजींची पन्नास हजार फूट फीत जमवली आणि १९४० साली त्यातून चित्रपट केला. माणसाने साक्षीदाराचा शोध असा घ्यावा. आणि फीत नसेल तिथे नाही म्हणून सांगावे. क्लोद लाँझमानने १९८५ साली ज्यूंच्या संहारावर साडेनऊ तासांचा चित्रपट केला. त्यात जुन्या फितीचा एक तुकडा नाही. आज त्या जागी काय आहे ते दाखवले आणि जगून राहिलेल्यांना बोलते केले. प्रेक्षक उठून गेले नाहीत. शिरोड्याची मिठागरे आजही आहेत. तिथे कॅमेरा लावायला काय हरकत होती? माझ्या शेजारी बसलेल्या आजींना एक प्रश्न विचारायला किती पैसे पडले असते?

एक फीत मात्र अशी आहे की जिच्याबद्दल लिहिल्याशिवाय मला लेखणी खाली ठेवता येणार नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे ६ डिसेंबर १९५६ ला दिल्लीत निर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी मुंबईत निघालेली ती अफाट महायात्रा, दादरच्या चौपाटीवरचा तो जनसागर आपण सर्वांनी पडद्यावर पाहिला आहे. दर डिसेंबरात पाहतो. ती कुणी चित्रित केली? चित्रपटधंद्यातल्या कुणी पुढे होईना, तेव्हा नामदेवराव व्हटकर या कलावंताने पदरमोड करून, कर्ज काढून कॅमेरा उभा केला. त्या एका माणसाला त्या एका दिवशी सुचले नसते, तर लाखो लोकांच्या शोकाचे एवढे दर्शन पुढच्यांना घडले नसते. आज त्या चित्रांवर किती अनुबोधपट पोसले गेले! गंभीर आवाज लावतात, करुण वाद्ये वाजवतात. आणि खाली व्हटकरांचे नाव? मी पाहिलेल्यांपैकी एकातही ते नव्हते. संगीतकाराचे असते, वाहन पुरवणाऱ्याचे असते, चहापाण्याची सोय करणाऱ्यांचे आभार असतात.

मी मागतो आहे ते फार नाही. जुना तुकडा पडद्यावर आला की कोपऱ्यात एक ओळ : कुठला, केव्हाचा, कुणी घेतलेला. ठाऊक नसेल तर ‘ठाऊक नाही’. दुसरीकडचा असेल तर ‘दुसरीकडचा’. त्या दिग्दर्शकांना मी तसे पत्र लिहिले. उत्तर आले, की सूचना स्वागतार्ह आहे, पुढच्या आवृत्तीच्या वेळी विचार करू. त्यानंतर तोच चित्रपट आमच्या जिल्ह्यातल्या कितीतरी शाळांतून दाखवला गेला. गांधीजी अजून शिरोड्याला मीठ उचलायला येतच आहेत.

हा लेख लिहून झाला आणि मला घोर लागला. आजींचा नातू दर दिवाळीला हा अंक घेतो आणि त्यांना मोठ्याने वाचून दाखवतो. छापील अक्षरांतून त्यांना हे कळावे, हे काही बरे नव्हे. म्हणून लेख टपालात टाकण्यापूर्वी संध्याकाळी त्यांच्याकडे गेलो. त्या ओटीवर बसून वाती वळीत होत्या. मी सगळे सांगितले. चित्र गुजरातेतले आहे, तो तरुण त्यांचे वडील नव्हेत, मला पहिल्या रात्रीपासून ठाऊक होते. नातू माझ्याकडे रागाने बघत राहिला. आजींनी हातातली वात पुरी केली.

“मगे माझो बापूस खंय आसा, मास्तरानू?” त्यांनी विचारले.

मला काही बोलता येईना. नातवाने उठून ती चौकट खिळ्यावरून काढायला हात घातला, तेव्हा त्या त्याच्यावर ओरडल्या. “ऱ्हवांदे तो. तेचा पण कोण तरी असतलाच.”

नातवाने चौकट काढली, पण खाली ठेवायला नाही. माझ्या हातात पालथी दिली. मी वहीचे पान फाडले, त्यावर लिहिले, ‘अनोळखी सत्याग्रही. दांडीयात्रा, गुजरात, १९३०. शिरोडे नव्हे.’ आणि भाताच्या शितांनी ते मागच्या पुठ्ठ्याला चिकटवले. मग चौकट होती तिथे लावून मी घरी आलो.